दगडफूल आणि समुद्रफूल

उन्हाळा उतरणीला लागला की आमच्या धर्मग्रामातील जुन्या घरांच्या अंगणांत मसाल्याची धांदल सुरू होते. चटयांवर मिरच्या पसरलेल्या असतात, चुलीवर धणे, तीळ, खसखस भाजली जात असते आणि ठसका लागल्याखेरीज त्या आळीतून कोणालाही पुढे जाता येत नाही. वर्षभराचा हा मसाला आमच्या ईस्ट इंडियन घरांत बाटल्यांत ठासून भरतात, म्हणून त्याचे नावच पडले बॉटल मसाला. जिनसांची यादी घरोघरी निराळी आणि ती सासूकडून सुनेकडेच जायची. परंतु बहुतेक याद्यांत एक जिन्नस हमखास आढळतो. तो म्हणजे दगडफूल.

काही वर्षांपूर्वी अशाच एका अंगणात एका वृद्ध मावशींनी आमच्या तळहातावर चिमूटभर काळपट, चुरगळलेल्या कागदासारखे काहीतरी ठेवले व म्हणाल्या, “फादर, एवढे शिकलात, सांगा बघू हे कशाचे फूल?” वासावरून आम्ही दगडफूल ओळखले, परंतु ते कशाचे फूल, हे काही सांगता आले नाही. घरी येऊन पुस्तक उघडले, तेव्हा कळले की ते फूलही नव्हे आणि दगडाचे तर नव्हेच. दगडफूल हा एक जीव नसून दोन जीवांचा संसार आहे. एक कवक, म्हणजे बुरशीच्या कुळातला जीव. तो आसरा देतो, ओलावा धरून ठेवतो. दुसरे सूक्ष्म शैवल. ते उन्हात अन्न शिजवते. उघड्या खडकावर दोघांपैकी एकट्याचा निभाव लागणे कठीण. दोघे मिळून तेथे वर्षानुवर्षे नांदतात. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ आन्टोन डी बारी यांनी १८७९ साली अशा एकत्र राहण्याला शास्त्राच्या परिभाषेत जे नाव रूढ केले, त्यालाच आपण मराठीत ‘सहजीवन’ म्हणतो.

दगडफुलाची ही गोष्ट मनात घोळत असतानाच आम्हाला दुसऱ्या एका फुलाची आठवण झाली. तेही फूल नव्हे, आणि तेही दगडावरच राहते.

पौर्णिमेनंतरच्या दोनतीन दिवसांत सकाळची मिस्सा आटोपून उत्तन-पालीच्या किनाऱ्यावर जाण्याची आमची जुनी सवय आहे. त्या वेळी ओहोटी खोलवर गेलेली असते. वलांड्यांवर बोंबील वाळत असतात, त्यांचा वास वाऱ्याबरोबर येतो. काळ्या खडकांवर कालवे काढणाऱ्या बाया वाकून काम करीत असतात. खडकांच्या खाचांत समुद्राचे पाणी साचून राहिलेले असते. प्रथमच तेथे गेलो, तेव्हा अशा एका डबक्यात आम्ही पाऊल टाकणार, तोच एक बाई ओरडल्या, “पाय संभाळा, फादर! ते फूल नाही, जीव हाय!” वाकून पाहिले, तर रुपयाएवढे एक शेवंतीचे फूल पाण्यात उमललेले. बोटाची सावली पडली मात्र, त्याने आपल्या पाकळ्या आत ओढल्या आणि क्षणात तेथे एक ओलसर गोळा उरला.

हेच समुद्रपुष्प. इंग्रजीत त्याला ‘सी ॲनिमोन’ म्हणतात. त्याच्या पाकळ्या म्हणजे संस्पर्शक असून त्यांवर विषारी दंशकोशिका असतात. लहानसा मासा किंवा कोळंबीचे पिल्लू जवळून गेले की ते बधिर होते आणि मधल्या तोंडातून आत ओढले जाते. शरीर म्हणजे एक पिशवी. तिला तोंड एकच, आत जाण्यासही तेच व बाहेर पडण्यासही तेच. आपल्या या किनाऱ्यावरील समुद्रपुष्पांचा रीतसर अभ्यास पूर्वीच झालेला आहे. अरुण परुळेकर यांनी मुंबईच्या समुद्रपुष्पांवरील आपला निबंध १९६८ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केला होता. २०१७ पासून ‘मरीन लाइफ ऑफ मुंबई’ या उपक्रमातील मंडळी सामान्य नागरिकांना ओहोटीच्या वेळी खडकांवर नेऊन हे जीव दाखवीत आली आहेत.

सेमिनरीत तत्त्वज्ञानाच्या वर्गात आम्हाला ॲरिस्टॉटल शिकविला गेला. वनस्पतीचा आत्मा पोषणापुरता, प्राण्याचा आत्मा संवेदनेचा, माणसाचा विवेकाचा, अशा तीन पायऱ्या आम्ही घोकल्या होत्या. ॲरिस्टॉटलने स्वतः समुद्रपुष्पे पाहिली होती. ही कोणत्या पायरीवर बसवावीत, हा प्रश्न त्यालाही पडला आणि त्यांच्यात वनस्पती व प्राणी या दोहोंचे गुण आहेत, असे त्याने लिहून ठेवले. खडकाला चिकटून राहतात म्हणून वनस्पतीसारखी, भक्ष्य पकडतात म्हणून प्राण्यासारखी, एवढाच त्याचा अभिप्राय होता. त्याच्या म्हणण्यात आणखी केवढे सत्य दडले आहे, हे कळण्यास पुढे दोन हजारांहून अधिक वर्षे जावी लागली.

एकोणिसाव्या शतकात सूक्ष्मदर्शकाखाली काही समुद्रपुष्पांच्या शरीरात पिवळसर गोल पेशी दिसू लागल्या. त्या त्या प्राण्याच्याच, की बाहेरच्या कोणाच्या, यावर विद्वानांत वाद होता. १८८१ साली कार्ल ब्रांट या जर्मन संशोधकाने त्या स्वतंत्र जीव आहेत असे मानून त्यांना ‘झोओझँथेला’ हे नाव दिले. दुसऱ्याच वर्षी पॅट्रिक गेडिस या तरुण स्कॉटिश जीवशास्त्रज्ञाने अशी समुद्रपुष्पे पाण्यात उन्हात ठेवून पाहिली. त्यांच्या अंगातून बुडबुडे निघू लागले. त्या वायूत प्राणवायूचे प्रमाण मोठे होते. प्राणी प्राणवायू घेतो, सोडीत नाही. सोडते ती वनस्पती. म्हणजे या प्राण्याच्या आत वनस्पती नांदत होती. गेडिसने या जोडीची तुलना दगडफुलाच्या जातीशीच केली आणि त्या पिवळ्या शैवलाला नाव दिले ‘फिलोझून’, म्हणजे प्राण्याचा स्नेही. हे सुंदर नाव पुढे मागे पडले, ब्रांटचे नाव रूढ झाले. परंतु २०२१ साली शास्त्रज्ञांनी थंड समुद्रांतील समुद्रपुष्पांमध्ये राहणाऱ्या शैवलांच्या एका गटासाठी गेडिसचे नाव पुन्हा स्वीकारले. स्नेह्याला आपले नाव परत मिळण्यास १३९ वर्षे लागली!

वाचकांना नवल वाटेल, पण हाच गेडिस पुढे आपल्या मुंबईत आला. प्राणिशास्त्राकडून तो नगररचनेकडे व समाजशास्त्राकडे वळला होता. १९१९ साली मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचा विभाग सुरू झाला, त्याचा पहिला प्राध्यापक गेडिस. त्याच्यामागून ती धुरा वाहिली ती मालवणात जन्मलेल्या गोविंद सदाशिव घुर्ये यांनी. समुद्रपुष्पात कोण कोणाजवळ राहतो हे ज्याने पाहिले, त्यानेच पुढे शहरात माणसे एकमेकांजवळ कशी राहतात याचा विचार करावा, हा आम्हाला निव्वळ योगायोग वाटत नाही.

आता या संसारातील देवघेव पाहू. शैवलाची एक पेशी मिलिमीटरच्या सुमारे शंभराव्या भागाएवढी. काही जातींत ती अंड्याबरोबरच पुढच्या पिढीकडे जाते, तर पुष्कळ जातींत पिल्लाला ती समुद्रातूनच मिळवावी लागते. अशा वेळी ती घासासारखीच गिळली जाते. येथेच खरे आश्चर्य घडते. जे आत येईल ते पचवायचे, हा ज्याचा जन्मजात धर्म, तो प्राणी या एका घासाला ओळखतो व पचवीत नाही. पोटाच्या अस्तरातील पेशीत, एका पातळ पडद्याआड, त्याला राहू देतो. प्राण्याच्या श्वासातून निघालेला कार्बन डाय-ऑक्साइड आणि त्याच्या शरीरातील नायट्रोजनयुक्त टाकाऊ द्रव्ये शैवल घेते. उन्हाच्या साहाय्याने शर्करा व इतर अन्न तयार करते आणि त्याचा मोठा भाग यजमानास देते. शैवलाला ऊन मिळावे म्हणून समुद्रपुष्प आपले संस्पर्शक पसरून उजेडात राहते, आणि ऊन फार झाले तर अंग आक्रसून घेते. ज्याला डोळे नाहीत, त्याने दुसऱ्यासाठी उजेडाची काळजी वाहावी!

ही गोष्ट कळली आणि आम्हाला प्रवचनासाठी विषय सापडला. येथे आम्हाला आमच्याच एका चुकीची कबुली द्यावयाची आहे.

मिरा-भाईंदरची वाढ वाचकांना ठाऊकच आहे. २००१च्या जनगणनेत या शहराची वस्ती पाच लाखांवर होती, ती २०११ साली आठ लाखांवर गेली. आमच्या धर्मग्रामाची एक बाजू समुद्राकडे, जेथे पिढ्यान्‌पिढ्या मच्छीमारी व शेती करणारी घरे. दुसरी बाजू इमारतींकडे, जेथे मंगळूर, गोवा, केरळ, तामिळनाडू, वसई अशा ठिकाणांहून आलेली कुटुंबे. त्या वर्षी सणाच्या मिरवणुकीत मूर्ती कोणी उचलावी, यावरून पॅरिश कौन्सिलच्या बैठकीत वाद झाला. जुनी मंडळी म्हणाली, “आमच्या वाडवडिलांनी हे देऊळ बांधले, मूर्ती आम्हीच उचलू.” नवी मंडळी म्हणाली, “वर्गणी द्यायला आम्ही चालतो, खांदा द्यायला चालत नाही काय?” आवाज चढले. बैठक अर्धवट मोडली.

पुढच्या रविवारी आम्ही समुद्रपुष्पावर प्रवचन केले. समुद्रपुष्पाने घर द्यावे, शैवलाने अन्न द्यावे, तसे आपणही नांदावे, असे आम्ही मोठ्या समाधानाने सांगितले. मिस्सानंतर एक नाखवा दाराशी थांबले. बैठकीत सर्वांत मोठा आवाज त्यांचाच होता. ते शांतपणे म्हणाले, “फादर, गोष्ट चांगली होती. पण त्यात घरमालक कोण अन् भाडोत्री कोण, ते काही तुम्ही सांगितले नाही. आम्ही घर द्यायचे अन् ते कमावून आणणार, असेच ना?” त्यांच्या मागे उभ्या असलेल्या इमारतीतील एका भगिनीने मान खाली घातली. एकाच वाक्याने आम्ही एकाला उपकारकर्ता ठरविले होते व दुसऱ्याला आश्रित. दोघेही दुखावले होते. वाद मिटविण्यास गेलो आणि त्याला शास्त्राचा आधार देऊन आलो!

त्या रात्री आम्ही पुन्हा पुस्तकांकडे वळलो. या खेपेस दृष्टान्त शोधण्यासाठी नव्हे, तर वस्तुस्थिती काय आहे ते पाहण्यासाठी. तेव्हा ध्यानात आले की आम्ही गोष्ट अर्धीच वाचली होती.

हे सहजीवन सुबत्तेवर उभे नाही, ते उणिवेवर उभे आहे. उष्ण समुद्राच्या नितळ पाण्यात पोषक द्रव्ये फार थोडी. शैवलाला वाढण्यासाठी नायट्रोजन हवा, तो त्या पाण्यात पुरेसा नाही. यजमानाला शर्करा हवी, ती त्याला करता येत नाही. शैवलाजवळ नायट्रोजन कमी असल्यामुळे तयार केलेली सगळी शर्करा त्याला स्वतःच्या वाढीसाठी वापरता येत नाही. उरलेली तो देऊन टाकतो. म्हणजे दातृत्वाचे मूळ त्याच्या अपुरेपणात आहे. हा अपुरेपणा संपला तर काय होते? पाण्यात सांडपाणी मिसळून नायट्रोजन वाढला की शैवलाची पेशी जोमाने वाढू लागते, तिची संख्या फोफावते, आणि यजमानाला मिळणारा वाटा घटू शकतो. आत राहणारा आतच असतो, पण स्नेही राहत नाही.

उष्णतेनेही हेच घडते. समुद्राचे पाणी नेहमीच्या कडक उन्हाळ्यापेक्षा अवघ्या एखाद्या अंशाने अधिक तापले आणि काही आठवडे तसेच राहिले, की हा संसार मोडू लागतो. शैवलाच्या पेशीत घातक द्रव्ये साठतात, यजमान त्याला बाहेर टाकतो व स्वतः पांढराफटक पडतो. लाल समुद्रातील पोवळ्यांवर झालेल्या आणि २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तर असे दिसले की पांढरेपणा डोळ्यांना दिसण्यापूर्वीच देवघेव थांबलेली असते. तापलेला यजमान स्वतःचेच द्रव्य जाळू लागतो, त्यातून नायट्रोजन सुटतो, त्यावर शैवल पोसते आणि स्वतःपुरतेच जगू लागते. वरून रंग तसाच, आत यजमान उपाशी. ही ओळ वाचताना आम्हाला आमच्या पॅरिश कौन्सिलची बैठक आठवली, हे लपवीत नाही. बैठक मोडली त्या दिवशी भांडण दिसले. देवघेव त्याच्या कितीतरी आधी थांबली असावी.

समुद्रपुष्पाचे आप्त असलेल्या पोवळ्यांवर हे संकट आज जगभर कोसळलेले आहे. १९९८ साली लक्षद्वीपची पोवळी मोठ्या प्रमाणात पांढरी पडली. त्यानंतर २०१०, २०१६ व २०२४ मध्येही त्यांना तसाच तडाखा बसला. २०२४च्या एप्रिलमध्ये शास्त्रज्ञांनी जगव्यापी विरंजनाची ही चौथी लाट असल्याचे जाहीर केले. १९८७ साली अभयारण्य म्हणून घोषित झालेल्या आपल्या मालवणच्या समुद्रातही हे पांढरेपण नोंदले गेले आहे. मुंबईच्या गढूळ पाण्यातील सगळीच समुद्रपुष्पे शैवल बाळगणारी नव्हेत. कित्येक केवळ शिकारीवर जगतात. परंतु येथील खडकांवर हिरव्या-तपकिरी गालिच्यासारखे पसरणारे झोअँथिड हे समुद्रपुष्पांचे जवळचे भाऊबंद, आणि त्यांच्या पोटी हे सोबती असतात. २०२० साली सागरी रस्त्याच्या कामासाठी वरळी व हाजी अलीच्या खडकांवरील पोवळ्यांच्या काही वसाहती कुलाब्याच्या बाजूस हलवाव्या लागल्या, तेव्हा कुठे पुष्कळ मुंबईकरांना आपल्या शेजारी कोण राहते याचा पत्ता लागला.

तरीही या गोष्टीत आशेला जागा आहे. पांढरे पडलेले समुद्रपुष्प लगेच मरत नाही. ते भुकेले असते, अशक्त असते, पण काही काळ तग धरते. पाणी वेळेवर निवले तर अंगात उरलेल्या मूठभर शैवलांपासून किंवा समुद्रातून आलेल्या नव्या पेशींपासून त्याचा रंग पुन्हा भरू लागतो.

त्याच वर्षीच्या जुलैची एक रात्र आम्हास आठवते. पाऊस कोसळत होता. इमारतीतील एका मंगळूरकडच्या कुटुंबातील वृद्ध गृहस्थ वारले. एक मुलगा परदेशी, धाकटा एकटाच घरी, नातलग सारे दूर. तिसऱ्या मजल्यावरचे घर, लिफ्ट नाही, जिना अरुंद. सकाळी शवपेटी उतरविणार कोण? आम्ही बराच वेळ फोनजवळ बसून राहिलो. ज्यांना हाक मारावी ते एकच नाव मनात येत होते, आणि त्यांच्याकडे काही मागण्याची आम्हाला लाज वाटत होती. शेवटी पहाटे त्या नाखवांना फोन केला आणि एवढेच म्हटले, “माणसे कमी पडतात.”

मासेमारीच्या बंदीचे दिवस होते. होड्या किनाऱ्यावर ओढलेल्या, माणसे घरी. ते सात जणांना घेऊन आले. होडी ओढायची सवय असलेल्या त्या हातांनी शवपेटी जिन्याच्या प्रत्येक वळणावर उभी-आडवी करीत, भिंतीला धक्का न लावता, खाली आणली. धाकटा मुलगा पुढच्या बाजूस होता. त्याचा पाय घसरू लागला, तेव्हा नाखवांनी आपला खांदा त्याच्या खांद्याखाली सरकविला. दफनभूमीत चिखल होता. तेथेही ते शेवटपर्यंत थांबले. कोणी कोणाला काही समजावून सांगितले नाही. आम्हीही नाही.

सणाला मिरवणूक निघाली. मूर्तीभोवती नेहमीचीच मंडळी उभी होती. नाखवांनी गर्दीकडे पाहिले, त्या धाकट्या मुलाला हाक मारली, “ये रे, एक माणूस कमी आहे.” खरे तर कमी नव्हता. त्यांनीच आपली जागा मोकळी केली होती.

आमच्या धर्मग्रामातील सगळे प्रश्न सुटले, असे आम्ही म्हणणार नाही. बँड कोणाचा, यावरून अजूनही कुरबुर होते. परंतु आम्ही मात्र एक धडा शिकलो. संत पौलाने करिंथच्या मंडळीला देहाचा दृष्टान्त दिला, तो आम्ही असंख्य वेळा वाचला होता. तरी एका अवयवाला दुसऱ्याची गरज लागते, ती त्याच्या स्वतःच्या उणिवेमुळे, हे आम्हाला एका खडकावरच्या जीवाने शिकविले. आम्ही लोकांना नेहमी देण्याविषयी सांगत आलो. मागण्याविषयी फारसे कधी सांगितले नाही. ज्याला कशाचीच उणीव भासत नाही, त्याच्या दारी स्नेही तरी कोणत्या वाटेने येणार?

आता मसाल्याचे दिवस आले की आम्ही त्या मावशींच्या अंगणात जातो. कशाचे फूल, याचे उत्तर त्यांना आम्ही देऊन टाकले आहे. त्या हसल्या आणि म्हणाल्या, “म्हणजे दोघांचा संसार म्हणा की!” यंदा त्यांच्या उखळापाशी शेजारच्या इमारतीतील दोन सुना बसल्या होत्या. मावशींचे हात आता थकले आहेत आणि त्या सुनांना मसाला येत नाही. प्रभू परमेश्वराने आम्हा सर्वांच्या अंगी एवढी उणीव सदैव राखावी, हीच प्रार्थना.